धाकटीच्या हातची पिचकारी

लोवेलमध्ये, मेरिमॅक नदीच्या आमच्या काठावर, अल्डिया रांकूरबद्दल वाईट बोलायची कुणाची छाती नव्हती. लोकरीच्या गिरणीत ती रफूवाली होती. मागावरून उतरलेल्या कापडात कुठे धागा तुटलाय, कुठे गाठ बसलीय, हे ती डोळे मिटून बोटांनी चाचपून सांगायची आणि सुईनं ती जागा अशी भरून काढायची, की नंतर तिलाही सापडू नये. पोरवयात कामाला लागली ती गिरणीतच म्हातारी होणार, असं सगळे धरून चालले होते.

तिची आई गेली तेव्हा धाकटी बहीण लुसिएन अजून रांगतही नव्हती. बाप्तिस्म्याला धर्ममाता म्हणून अल्डियाच उभी राहिली होती. आमच्या फ्रेंच घरांतून धर्ममातेला ‘मारेन’ म्हणतात, म्हणून लुसिएननं तिला कधी नावानं हाक मारली नाही. सख्खी बहीण असून आयुष्यभर मारेन. आणि मारेननंच तिला वाढवली, शाळेत घातली, स्वतः शिवलेला झगा तिला घालून रोमेओ नावाच्या ट्रक चालवणाऱ्या भल्या माणसाशी तिचं लग्न लावलं. स्वतः मात्र लग्न केलं नाही. कुणी विचारलंच तर म्हणायची, “एक पोर वाढवली, पुरे झालं.”

लुसिएनला सुई धरता येत नसे. बटण लावायला बसली की आधी बोट टोचून घ्यायची. ती बुशेच्या बेकरीत लग्नाच्या केकवर साखरेचे गुलाब काढायची. अल्डिया हसून सांगायची, “आमची लुसिएन साखर फासते.” त्या हसण्यात प्रेम होतं, नाही असं नाही. पण थोरल्या बहिणीचा हात म्हणजे हात आणि धाकटीचा म्हणजे गंमत, हे दोघींच्यात ठरून गेलेलं होतं आणि लुसिएनलाही त्याचं काही वाटत नसे.

मी ओदेत. त्याच लाकडी घराच्या तिसऱ्या मजल्यावर राहायचे. खाली अल्डिया, मधे लुसिएन आणि रोमेओ, वर मी. भिंती पातळ, जिना एकच. कुणाच्या घरात काय शिजतंय आणि काय धुमसतंय, सगळं सगळ्यांना कळायचं.

गिरणी बंद झाली. त्याच सुमारास गावाबाहेरच्या कारखान्यात बायका हव्या आहेत अशी बातमी आली. चंद्रावर माणसं नेऊन परत आणायचं यान बनत होतं आणि त्या यानाचं कवच आमच्या गावात भरलं जाणार होतं. परत येताना यान हवेत शिरलं की भट्टीसारखं तापतं. आतली माणसं वाचायची ती त्या कवचामुळे. मधाच्या पोळ्यासारखी जाळी, तिच्यात बोटाचं टोक जेमतेम जाईल अशी लाखो घरं आणि त्यातलं प्रत्येक घर हातानं, पिचकारीनं, राळेच्या लगद्यानं ठासून भरायचं. आत हवेचा बुडबुडासुद्धा राहता कामा नये. ‘स्थिर हाताच्या बायका पाहिजेत’ असं ते म्हणत होते. गावात सगळ्यांनी एकच नाव घेतलं.

अल्डिया चाचणीला निघाली तेव्हा चर्चला निघाल्यासारखी टोपी घालून निघाली. मीही अर्ज केला होता. लुसिएनला त्या दिवशी सुट्टी होती, म्हणून ती नुसती सोबतीला आली, अल्डियाचा कोट सांभाळायला.

आमचे मुकादम हॅस्केल साहेब. उंच, हडकुळे, बोलताना पेन्सिल चावायचे. त्यांनी प्रत्येकीला जाळीचा तुकडा आणि पिचकारी दिली. अल्डिया ताठ बसली आणि सुईच्या टाक्यासारखं हळुवार, बेतानं एकेक घर भरू लागली. दिसायला देखणं काम झालं. जागा एक उरली होती, म्हणून साहेबांनी लुसिएनकडे बघितलं. “तुम्ही नाही बसणार?”

“मी? मी कोट धरायला आलेय हो!”

“कोट खुंटीवर टांगा. बसा.”

लुसिएन हसत बसली. पिचकारी तिनं केकच्या पिशवीसारखी तळव्यात घेतली, खालून दाबत वर आणली आणि शेवटी मनगट किंचित वळवून सोडली. भरभर, गप्पा मारत. तासाभरात तुकड्यांचे एक्स-रे आले. अल्डियाच्या फिल्मवर काळे ठिपके होते. हळुवार दाबल्यामुळे तळाशी हवा राहिली होती. लुसिएनची फिल्म एकसारखी, स्वच्छ.

हॅस्केल साहेबांनी फिल्म उजेडासमोर धरली आणि म्हणाले, “बाई, हे कुठे शिकलात?”

लुसिएन आधी मारेनकडे बघून मग उत्तर द्यायला गेली, पण अल्डिया तोवर कोट शोधत होती.

नोकरी तिघींनाही मिळाली. लुसिएन आणि मी पिचकारीवर. अल्डियाला दिलं दुरुस्तीचं काम. एक्स-रेत जे घर पोकळ निघे, त्यावर फिल्म वाचणारा माणूस लाल खूण करायचा. ते घर दाताच्या डॉक्टरकडे असतं तसल्या बारीक ड्रिलनं कोरून रिकामं करायचं आणि सावकाश पुन्हा भरायचं. घाई नसल्यामुळे ते एकेक घर अल्डियाला छान जमू लागलं.

“म्हणजे रफूच की ही,” मी म्हटलं.

“रफूच,” ती म्हणाली. “फरक एवढाच, की आता पिचकारीवाल्या राण्यांच्या मागून झाडू मारायचा.”

राण्या म्हणजे आम्ही सगळ्या, असं तिचं बोलणं होतं. पण बघायची ती लुसिएनकडेच. आणि लुसिएनच्या भागात लाल खूण आली की तिचा चेहरा खुलायचा. “आज धाकटीचं एक निघालं हं,” असं ती मला जेवणाच्या सुट्टीत हळूच सांगायची, लेकराचा पहिला दात आल्याचं सांगावं तसं. पण अशा खुणा फार येत नसत आणि आठवडेच्या आठवडे तिच्या वाट्याला दुसऱ्यांचीच घरं येत.

शनिवारी संध्याकाळी खालच्या मजल्यावर बीन्स आणि तपकिरी पाव खायला आम्ही सगळे जमायचो. आधी या पंगतीत गिरणीच्या गोष्टी निघायच्या आणि त्या अल्डियाच सांगायची. आता रोमेओ कौतुकानं बायकोचं सांगू लागला. “साहेब म्हणाले, हिच्यासारखा हात...” असं त्यानं सुरू केलं की अल्डिया उठून बीन्सचं भांडं उगाचच पुन्हा चुलीवर ठेवायची.

“मीठ कमी आहे का गं, मारेन?” लुसिएन विचारायची.

“मला काय विचारतेस? तुझ्या हाताला सगळं कळतं ना आजकाल.”

लुसिएन हसण्यावारी न्यायची. ते हसणं अल्डियाला जास्त लागायचं.

मग एक दिवस अंतराळवीर आला. त्या यानातून जाणाऱ्यांपैकी एक. कारखान्यात पांढरे डगले कडक इस्त्रीचे झाले, केसांच्या जाळ्या नव्या आल्या. माणूस ठेंगणा, लाजरा. ज्या बायकांच्या हातावर आपला जीव आहे त्यांना बघायला आलेला. एकेकीशी हात मिळवत तो लुसिएनपाशी थांबला.

“हे काम कुठे शिकलात?”

“केकवर, साहेब.”

तो मोकळेपणी हसला. म्हणाला, “परत आलो की केक तुमच्याच हातचा खाईन.” वर्तमानपत्रवाल्यानं नेमका तेव्हा फोटो काढला. वेळ झाली म्हणून त्याला पुढे नेलं, आणि रांगेच्या टोकाला दुरुस्तीवाल्या बायका हात पुसून उभ्या होत्या त्या उभ्याच राहिल्या.

फोटो पहिल्या पानावर आला. रोमेओनं तो दुसऱ्या मजल्याच्या खिडकीत आतून चिकटवला, येणाऱ्याजाणाऱ्याला दिसावा म्हणून. अल्डिया जिन्यात मला गाठून म्हणाली, “फोटोच्या उजव्या कडेला कोपर दिसतंय बघ. माझं आहे ते. ओळखलंस ना?”

“अगं, पुढच्या वेळी...”

“पुढच्या वेळी खांदा येईल.”

मला हसू आलं, पण तिला हसवायचं नव्हतं.

त्याच रविवारी आमच्या पाद्रीबाबांनी वेदीवरून ‘आपल्या चर्चची लेक’ म्हणून लुसिएनचं नाव घेतलं. त्या वेदीवरचं कापड गेली कित्येक वर्षं अल्डिया धूत होती, खळ देऊन इस्त्री करत होती. तिचं नाव वेदीवरून कधी आलं नव्हतं आणि यावं असं तिच्याही मनात तोवर आलं नसेल. त्या दिवशी मी तिच्या शेजारी होते. तिनं जपमाळ मुठीत इतकी आवळली होती की बोटांवर मण्यांचे वळ उठले. पुढच्या रविवारी ती पलीकडच्या बाकावर जाऊन बसली. विचारलं तर म्हणाली, “जुन्या जागी वारा लागतो.”

लुसिएन तिला फार जपायची. केक करून खाली द्यायची, जिना झाडायची, साहेबांसमोर मुद्दाम म्हणायची, “मारेननं मला वाढवलं, हात तिचाच आहे माझ्यात.” तिला काय ठाऊक, प्रत्येक वाक्यानं आपण मीठ चोळतोय!

हे पुढे कुठे जाणार, हे मला कळायला हवं होतं असं लोक म्हणतात. मला नाही कळलं. थंडी संपत आली होती. एका मोठ्या कवचाचं काम चाललं होतं. खालचा, सगळ्यात जास्त तापणारा भाग. लुसिएनचा पट्टा पूर्ण भरून एक्स-रे होऊन आला होता आणि त्यावर एकही लाल खूण नव्हती. हॅस्केल साहेब सगळ्यांना तो दाखवून गेले. दुपारी अल्डिया ड्रिल घेऊन त्या पट्ट्यापाशी गेली. शेजारच्या पट्ट्यावर दोन खुणा होत्या, त्यामुळे ती तिथे बसली याचं कुणाला नवल वाटलं नाही.

तिनं खिशातली लाल खडूची कांडी काढली, लुसिएनच्या पट्ट्यातल्या एका घरावर खूण केली आणि ते कोरलं.

नंतर तिनं मला सांगितलं, ड्रिल आत जात असताना ती वाट बघत होती, की कुठेतरी पोकळी लागेल. एवढीशी तरी. तळापर्यंत लगदा घट्ट होता, एकजीव. “माझ्या अंगाचा तिळपापड झाला, ओदेत,” ती म्हणाली. “मनात तिला म्हटलं, निदान एक बुडबुडा तरी सोडायचास की गं, मेले!”

कोरलेलं घर तिनं भरलं. एक्स-रेत ते पोकळ निघालं. पुन्हा कोरलं, पुन्हा भरलं, पुन्हा पोकळ. इतके महिने न चुकलेला तिचा हात त्या एका घरापाशी चुकत होता. सगळ्यात नाजूक भागातलं घर वारंवार बिघडतंय म्हटल्यावर हॅस्केल साहेब आले आणि त्यांनी लुसिएनला बोलावलं. “तुमचाच पट्टा आहे. तुम्ही भरा.”

लुसिएननं वाकून बघितलं. तिला आपलं घर आपल्या लेकरासारखं ओळखू येत होतं. ती अल्डियाकडे बघून हळूच म्हणाली, “मारेन, इथे खूण नव्हती ना?”

अल्डिया ड्रिल पुसायला लागली.

साहेबांनी पेन्सिल तोंडातून काढली. “काय? खूण नव्हती तर कोरलं कुणी?”

आम्ही आजूबाजूच्या सगळ्या काम थांबवून बघत होतो. लुसिएनचा चेहरा एकदम पडला. तिला काय झालं असेल ते कळलं. पण चेहरा पडला तो क्षणभरच. मग ती वळून साहेबांना म्हणाली, “मीच सांगितलं होतं. भरताना मला शंका आली होती, फिल्मवर दिसली नसेल. मीच म्हटलं मारेनला, काढून टाक.”

साहेब काही तरी पुटपुटले आणि निघून गेले. लुसिएननं ते घर भरलं. मनगट वळवलं, पिचकारी उचलली. एक्स-रे स्वच्छ आला.

कपडे बदलायच्या खोलीत अल्डियानं तिला गाठलं. मी बूट घालत होते, दोघींनाही माझी पर्वा नव्हती.

“तुला कुणी सांगितलं होतं मधे पडायला?”

“मारेन, नोकरी गेली असती तुझी.”

“गेली असती तर माझी गेली असती! चांगलं काम करायचं तर तू. फोटो तुझा. चर्चमध्ये नाव तुझं. आणि आता माझी नोकरी राहायची तीसुद्धा तुझ्या उपकारावर? सगळा चांगुलपणासुद्धा तुलाच पाहिजे?”

“मी तुझ्यासाठीच...”

“माझ्यासाठी काही करू नकोस. काय करायचं ते मी तुझ्यासाठी करायचं, असं आहे आपलं. कळलं?”

ती तशीच, केसांची जाळी न काढता, हॅस्केल साहेबांच्या काचेच्या खोलीत गेली. दार उघडंच राहिलं.

“ते घर चांगलं होतं,” ती म्हणाली. “खूण मी केली. लुसिएननं मला काहीएक सांगितलं नव्हतं, ती खोटं बोलली.”

साहेबांनी पेन्सिल टेबलावर ठेवली. मग त्यांनी विचारलं, “पण का केलंत?”

“ती माझ्यापेक्षा चांगलं भरते.”

हॅस्केल साहेब वाईट माणूस नव्हते. त्यांनी तिला खुर्ची दिली, पाणी दिलं आणि कामावरून काढलं. दुसरा इलाज नव्हता. तिनं हात लावलेलं प्रत्येक घर पुन्हा तपासलं गेलं; एकही वाईट निघालं नाही. खोटं बोलल्याबद्दल लुसिएनला सक्त समज मिळाली आणि काही दिवस बिनपगारी घरी बसावं लागलं. अल्डियानं खरं सांगून स्वतःचं नाक राखलं असं गल्लीत काही जणी म्हणाल्या. मला विचाराल, तर खरं बोलायलाही तिला मत्सरानंच नेलं. पण नेलं.

त्यानंतर दोघी एका जिन्यावरून वर्षभर न बोलता चढल्या-उतरल्या. अल्डियाला हॉस्पिटलच्या कपडेखान्यात काम मिळालं. चादरी, डॉक्टरांचे डगले, पडदे. फाटलेलं शिवायचं, घड्या घालायच्या. नाताळात लुसिएननं पिठाच्या पारीत डुकराचा खिमा भरून भाजलेला खास पदार्थ करून माझ्या हाती खाली पाठवला. अल्डियानं बशी दुसऱ्या दिवशी धुऊनपुसून परत दिली.

“आवडला का विचारलंय तिनं,” मी म्हटलं.

“सांग तिला, पीठ जास्त मळलंय.”

बशी रिकामी होती, तेवढंच मी वर जाऊन सांगितलं.

यान चंद्रावर गेलं तो उन्हाळा. परत यायच्या दिवशी भर दुपारी लुसिएनकडे अर्धी गल्ली टीव्हीपुढे जमली होती. कवचाची पाळी येणार होती ती आता. यान हवेत शिरलं की थोडा वेळ आतल्या माणसांचा आवाजच येत नाही, सगळा संपर्क तुटतो, हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होतं. लुसिएन एप्रनला हात पुसत उभी होती. बसायला तयार नव्हती. मला म्हणाली, “ओदेत, खाली जा. एकटी आहे ती.”

अल्डिया स्वयंपाकघरात रेडिओसमोर गुडघ्यांवर बसली होती. हातात जपमाळ. मला बघून नुसतं बोट ओठांवर ठेवलं. रेडिओत खरखर. ती हळू आवाजात म्हणाली, “तुला खरं सांगू? ते टिकावं म्हणून मी सकाळपासून देवाची विनवणी करतेय. आणि टिकलं की वर सगळे तिच्याच गळ्यात पडतील, हेही सकाळपासून डोक्यातून जात नाही. दोन्ही एकाच तोंडानं कसं मागू?”

मी तिच्याशेजारी बसले. खरखर संपेना. तिचे ओठ हलत होते. एकाएकी रेडिओत माणसाचा आवाज आला, साधा, थकलेला, काही आकडे सांगणारा. डोक्यावर वरच्या मजल्यावर पाय आपटायला लागले, कुणी किंचाळलं, छताची धूळ आमच्यावर पडली.

“जा,” अल्डिया म्हणाली. “जा वर, मिठ्या संपतील.”

मी जिन्याकडे वळले तर लुसिएन धावत खाली येत होती. मला बाजूला सारून ती आत गेली आणि दारातच थबकली. जवळ जावं की नाही, तिला कळेना.

“मारेन, टिकलं.”

“ऐकलं मी. बहिरी नाही झालेय.”

“तुझीपण घरं होती त्यात.”

अल्डिया टेबल धरून उठली. “होती,” ती म्हणाली. “थोडीच होती. उगाच कुणाला जास्त सांगत बसू नकोस.” आणि मग, “केस बघ काय झालेत. लोक येतील, फोटो काढतील. ये इकडे.” तिनं लुसिएनला खुर्चीवर बसवलं आणि केस विंचरून द्यायला लागली, जरा जास्तच ओढून. लुसिएन रडत होती. केस ओढले गेल्यामुळे, असं नंतर दोघीही म्हणत.

लोकांना वाटतं, तिथे सगळं मिटलं. नाही मिटलं. लुसिएनला बघायला वार्ताहर आले तेव्हा अल्डियाचं डोकं दुखत होतं.

वर्षभरात यानांचं काम ओसरलं. चंद्रावर जायचं आता कमी केलंय म्हणे. आधी मला, मग लुसिएनला घरी बसवलं. कारखान्यात जो हात राष्ट्राची शान होता, तो गावात कुणाला नको होता. बुशेची बेकरीही विकली गेली होती. लुसिएन खिडकीत बसून राहायची, रोमेओ काळजीत.

एका सकाळी अल्डिया टोपी घालून, जिना चढून दुसऱ्या मजल्यावर आली. कित्येक दिवसांत ती वर आली नव्हती. “ऊठ,” ती म्हणाली. “मी कपडेखान्याच्या बाईंशी बोललेय. माझी बहीण आहे म्हटलं, हाताला बरी आहे. नखं कापून ये.”

त्या काळात मी तिला जिन्यात गाणं गुणगुणताना ऐकलं. दोघी एकाच बसनं जायच्या. लुसिएनला चादरीची घडी कोपऱ्याला कोपरा लावून जमत नसे आणि शिवण तर नाहीच. अल्डिया ते सगळं संध्याकाळी आम्हाला मीठमसाला लावून सांगायची. “आज हिनं उशीच्या खोळीचं तोंडच शिवून टाकलं! सर्जन साहेबांनी विचारलं, उशी कुठून घालायची?” लुसिएनही हसायची. तिची हरकत नव्हती. मला वाटतं, तिला वाढवणारी मारेन तिला परत हवी होती आणि ती हीच होती.

एकदा मी त्यांना डबा द्यायला कपडेखान्यात गेले होते. एक नवी नर्स धावत आली, हातात जुन्या वर्तमानपत्राचं कात्रण. “तुमच्यापैकी लुसिएन कोण? चांद्रयानाचं कवच भरलेली? माझ्या वडिलांनी सांगितलं, तिच्याशी हात मिळवून ये!”

लुसिएन संकोचून पुढे झाली. अल्डियाच्या हातातली चादर थांबली. तिच्या मानेवरची शीर मी ओळखत होते. ती ताठ झाली.

“मिळवा, मिळवा हात,” ती म्हणाली. “आणि झालं की तेवढ्या खोळी सुलट कर म्हणावं तिला. सकाळपासून पडल्यात.”